बिनरुईची कपाशी

अमेरिकेतील ॲरिझोना प्रांताचा दक्षिण भाग आणि त्याला लागून असलेला मेक्सिकोचा सोनोरा प्रांत या वाळवंटी मुलखात, डोंगरांच्या खडकाळ उतारांवर आणि पावसापुरत्याच वाहणाऱ्या ओहोळांच्या काठी, पुरुषभर किंवा त्याहूनही उंच असे एक झुडूप वाढते. त्याची पाने देठापर्यंत चिरलेल्या अरुंद पाकळ्यांची असतात. पावसाळा सरता सरता त्यावर पांढरट, पेल्यासारखी फुले येतात, आणि पाने व बोंडे उजेडात धरून पाहिली तर त्यांवर तीच बारीक काळी ठिपकी दिसते जी आपल्या शेतकऱ्याच्या नित्य परिचयाची आहे. कुळ कपाशीचेच, यात संशय उरत नाही. तथापि बोंड उकलून पाहणाऱ्याची मात्र निराशा व्हावी. सुपारीहूनही लहान अशा त्या बोंडाच्या तीन कप्प्यांत सरकी असते, सरकीवर थोडीशी लव असते, आणि ज्या वस्तूसाठी मनुष्याने कपाशी घरी आणली ती रुई तेवढी नसते. वेचणीला आलेल्या बाईने ओंजळभर बोंडे फोडली, तरी तिच्या हाती वातीपुरताही कापूस लागणार नाही.

या झुडपाचे नाव शास्त्राच्या दप्तरी दाखल झाले ते एका सरहद्दीच्या मोजणीमुळे. 1848 च्या तहनाम्याने मेक्सिकोचा फार मोठा मुलूख अमेरिकेकडे आला आणि नव्या हद्दीची आखणी करण्यासाठी उभय राष्ट्रांचे आयोग त्या ओसाड प्रदेशात हिंडू लागले. अमेरिकन आयोगाबरोबर जॉर्ज थर्बर नावाचे गृहस्थ होते. कोठीचा हिशेब ठेवणे आणि वनस्पती गोळा करणे ही दोन्ही कामे त्यांच्याकडे होती. धान्याच्या पोत्यांची बेरीज-वजाबाकी करणाऱ्या त्याच हातांनी वाळवून दाबलेले नमुने हार्वर्डच्या एसा ग्रे यांच्याकडे पोचले. 1854 मध्ये ग्रे यांनी या झुडपासाठी थर्बरांच्या नावाने एक स्वतंत्र प्रजातीच स्थापन केली आणि जातीच्या नावात, कोकणच्या किनाऱ्यावर सर्वत्र दिसणाऱ्या आपल्या भेंडाच्या झाडाशी असलेले त्याचे साम्य नोंदविले. पुढे पालेर्मोच्या तोदारो या पंडितांनी ती स्वतंत्र चूल मोडून झुडपाला कपाशीच्या घरात आणून बसविले, आणि ‘गॉसिपियम थर्बेरी’ हे त्याचे आजचे नाव रूढ झाले.

त्यानंतर बराच काळ या कपाशीची कोणी फारशी विचारपूस केली नाही, आणि केली तेव्हा ती संशयित म्हणून. टेक्सासमध्ये बोंडे पोखरणाऱ्या सोंडकिड्याने कापसाचा धुव्वा उडविल्यावर, 1913 च्या सुमारास ॲरिझोनाच्या डोंगरांत या रानकपाशीच्या बोंडांतही त्याच किड्याचा एक भाऊबंद नांदताना आढळला, आणि खालच्या खोऱ्यांत नव्याने कापूस लावणाऱ्यांच्या पोटात साहजिकच गोळा उठला. पण किडा आधीपासून तेथलाच होता. शेते नंतर त्याच्या दाराशी आली. तेव्हा झुडपावर ठेवलेला हा ठपका मला तरी एकतर्फी वाटतो.

त्याची खरी थोरवी निराळ्याच वाटेने उजेडात आली. वऱ्हाडातील जुनी गावरान कपाशी आणि अमेरिकन कपाशी यांचा संकर सहजी साधत नाही, कारण पहिलीत गुणसूत्रांच्या 13 जोड्या, तर दुसरीत 26. स्कोव्हस्टेड या डॅनिश संशोधकांनी 1934 मध्ये असे अनुमान मांडले की या 26 जोड्यांपैकी मोठ्या आकाराच्या 13 जुन्या जगातील कपाशीच्या असून लहान 13 अमेरिकेतील एखाद्या रानकपाशीच्या असाव्यात. कुळाची अशी मांडणी कागदावर सोपी. दाखला हवा होता, आणि तो टेक्सासच्या जे. ओ. बीझली यांनी 1940 मध्ये पुढे ठेवला. गावरान आशियाई कपाशीशी थर्बरच्या झुडपाचा संकर करून त्यांनी जे रोप मिळविले ते वांझ निघाले. मग कोल्चिसिन या विषारी द्रव्याने (आपल्या कळलावीच्या कंदातही ते असते) त्याची गुणसूत्रे दुप्पट केली, आणि त्याचा संयोग अमेरिकन कपाशीशी घडवून आणला. त्यातून उपजलेल्या तिहेरी संकराला बीज धरले, म्हणजे या सोयरिकीला रक्ताची साक्ष मिळाली.

आता, वंशावळीत नेमका बाप म्हणून थर्बेरीचे नाव टिकले नाही. पेरूमधील ‘रायमोंडी’ ही रानजात त्या अज्ञात पूर्वजाला अधिक जवळची, असे पुढे ठरले. थर्बेरी चुलत घराण्यातली. इंदूरच्या संस्थेत देशी कपाशीचा अभ्यास केलेल्या हचिन्सन यांनी 1947 च्या आपल्या सहलिखित ग्रंथात, आशियाई कपाशी मनुष्यानेच समुद्रापार नेली असावी असा तर्क केला होता, तोही मागे पडला. कारण जुन्या जगातील आणि अमेरिकेतील कपाशींचे हे मीलन सुमारे दहा ते वीस लाख वर्षांपूर्वीचे, म्हणजे शेतकरी जन्मण्याच्या फार अगोदरचे, असे आता मानतात.

परंतु बीझली यांच्या संकरातून एक अनपेक्षित लाभ झाला. त्या वंशातील काही रोपांचा धागा नेहमीच्या कापसाहून स्पष्टपणे चिवट निघाला, आणि स्वतःच्या सरकीवर रुई नसलेल्या या झुडपाकडूनच तो गुण उतरला, असे पैदासकार मानतात. स्वतः बीझली दुसऱ्या महायुद्धात मारले गेले. त्यांचे बियाणे मात्र इतरांच्या हाती गेले आणि दक्षिण कॅरोलिनातील पी डी येथील केंद्रात त्यावर काम चालू राहिले. अडचण अशी की धाग्याची ताकद वाढली की एकरी उतारा घटे. हे दोन गुण जणू एकाच गाठीत बांधलेले होते. ती गाठ एका संकराने सुटली नाही. पिढ्यानुपिढ्या आपसात संकर करीत, त्यातून निवड करीत, पुन्हा संकर करीत गेल्यावर, बऱ्याच दशकांनी, चिवट धागा आणि भरघोस बोंडे ही दोन्ही एकाच पऱ्हाटीवर दिसू लागली, आणि त्या वाणांचे बियाणे पैदासकारांच्या सर्वसाधारण वापरात आले.