शायर कालगणना

शायर कालगणना : जे. आर. आर. टोल्कीन (१८९२–१९७३) यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीतील हॉबिट या बुटक्या लोकांची, त्यांच्या ‘शायर’ या प्रदेशातली सौर कालगणना. तिची सविस्तर मांडणी तिसऱ्या खंडाच्या (१९५५) चौथ्या परिशिष्टात आहे. कल्पित जगांच्या कालगणना बहुधा महिन्यांना चमत्कारिक नावे देऊन थांबतात. ही मात्र पिढ्यान्‌पिढ्या वापरून झिजलेली वाटते, आणि तिचे महत्त्व त्यातच आहे.

वर्षाचे महिने १२ आणि प्रत्येक महिना ३० दिवसांचा. उरलेले ५ दिवस कोणत्याच महिन्यात धरत नाहीत. वर्षाचा शेवटचा व पहिला असे दोन दिवस ‘यूल’चे. जून-जुलैच्या सांध्यावर पहिला लिद, मध्यवर्षदिन आणि दुसरा लिद असे तीन दिवस येतात. दर चौथ्या वर्षी मध्यवर्षदिनाला लागून ‘ओव्हरलिद’ हा सहावा दिवस येतो. शतकाच्या अखेरच्या वर्षी तो गाळतात. मध्यवर्षदिन शक्यतो उत्तरायणाच्या शेवटच्या दिवशी पडावा अशी योजना असल्याने शायरच्या तारखा आपल्यापेक्षा सुमारे १० दिवस पुढे चालतात. मार्को व ब्लँको या हॉबिट भावांनी ब्रँडीवाइन नदी ओलांडून वसाहत केली ते शायर सन १, म्हणजे कादंबरीतील ‘तिसऱ्या युगा’चे १६०१ वे वर्ष.

३६० अधिक ५ ही विभागणी नवी नाही. प्राचीन इजिप्तमध्ये ती होती, फ्रेंच राज्यक्रांतीच्या कालगणनेतही होती. शायरचे वेगळेपण वारांत आहे. दुसरा आयसेनग्रिम या शायरच्या प्रमुखाच्या काळात सुधारणा झाली आणि मध्यवर्षदिन व ओव्हरलिद हे बिनवाराचे दिवस ठरले. त्यामुळे प्रत्येक अर्ध्या वर्षात वार असलेले दिवस बरोबर १८२, म्हणजे पुरते २६ आठवडे उरतात. वर्ष नेहमी शनिवारी सुरू होते, शुक्रवारी संपते आणि तारखेचा वार कधीच बदलत नाही. पत्रावर वार लिहिण्याचे कष्टही मग हॉबिटांनी सोडून दिले. ही सोय शायरपुरती उत्तम. शेजारच्या ब्री या गावापलीकडे प्रवास करणाऱ्याची मात्र पंचाईत होई.

हिशेब करून पाहण्यासारखा आहे. जानेवारीची पहिली तारीख रविवारी येते. महिना ३० दिवसांचा असल्याने पुढच्या महिन्यांच्या पहिल्या तारखा दोन-दोन वार पुढे सरकत मंगळ, गुरू, शनि, सोम आणि बुध अशा येतात. जुलैपासून हाच क्रम पुन्हा. शुक्रवार एकदाही लागत नाही. म्हणून ‘पहिल्या तारखेचा शुक्रवार’ म्हणजे कधीच न उजाडणारा दिवस, अशी थट्टा शायरमध्ये रूढ झाली. आपण उधारी बुडवणाऱ्याचा वायदा ३० फेब्रुवारीचा म्हणावा, तशीच ही गोष्ट. गणितातून थेट बोलीत उतरलेला असा विनोद दुसऱ्या कल्पित कालगणनेत क्वचितच सापडेल.

बिनवाराच्या दिवसाची कल्पना प्रत्यक्षातही मांडली गेली आहे. मार्को मास्त्रोफिनी या इटालियन धर्मगुरूने ती १८३४ मध्ये सुचवली. विसाव्या शतकातील ‘जागतिक दिनदर्शिके’चा पायाही तीच होती. त्या दिनदर्शिकेचा प्रस्ताव १९५३ मध्ये भारतानेच संयुक्त राष्ट्रांपुढे नेला होता. सात दिवसांची अखंड साखळी तुटते, या धार्मिक आक्षेपापुढे तो टिकला नाही. हॉबिटांना सब्बाथ, म्हणजे दर सातव्या दिवशी पाळायचा धार्मिक विश्रांतीचा दिवस, नसल्याने त्यांच्याकडे हा वाद उद्भवलाच नाही.

महिन्यांची नावे टोल्कीन यांनी मनाने रचलेली नाहीत. ते ऑक्सफर्डमध्ये अँग्लो-सॅक्सन भाषेचे प्राध्यापक होते. इंग्रज भिक्षू बीडने ७२५ च्या सुमारास नोंदवलेले जुने महिने त्यांनी घासून घेतले. गायी दिवसातून तीनदा दूध देत, म्हणून बीडच्या यादीत मे महिन्याचे नाव ‘थ्रिमिल्की’. शायरमध्ये त्याचे ‘थ्रिमिज’ झाले. बीडच्या काळी चंद्र-सूर्याचा मेळ घालण्यासाठी उन्हाळ्यात तिसरा ‘लिथा’ महिना घालत, म्हणजे आपला अधिक मासच. ओव्हरलिद हे त्याचेच एका दिवसापुरते उरलेले रूप दिसते.

कादंबरीत मात्र ही नावे जवळपास येतच नाहीत. आपण जुन्या हस्तलिखिताचे भाषांतर करत आहोत, असा टोल्कीन यांचा बहाणा असल्याने त्यांनी प्रचलित इंग्रजी नावे वापरली आणि वारांचा भाव सांगायचे काम परिशिष्टावर सोपवले. हॉबिटांचा मुख्य वार शुक्रवार. त्या दिवशी दुपारनंतर सुटी व रात्री मेजवान्या. म्हणून त्यांच्या गुरुवाराला आपल्या शनिवारची कळा असते. बिल्बो या हॉबिटाच्या १११ व्या वाढदिवसाची मेजवानी शायर सन १४०१ मध्ये २२ सप्टेंबरला झाली. कादंबरीत त्या दिवशी गुरुवार आहे, आणि वरच्या हिशेबानेही गुरुवारच येतो.