जॉर्ज बेन्सन: एका गिटारवादकाची कारकीर्द व तिचे कालखंड

अमेरिकन जॅझच्या इतिहासात जॉर्ज बेन्सन या गिटारवादकाच्या कारकिर्दीचे सामान्यतः दोन खंड पाडण्यात येतात. १९७६ पूर्वीचा तो व्यासंगी जॅझवादक व त्यानंतरचा लोकरंजनाकडे वळलेला गायक, असे या विभागणीचे स्वरूप आहे. ही विभागणी सोयीची खरी. परंतु ती पुराव्यास कितपत उतरते, हे पाहणे अगत्याचे आहे.

बेन्सन याचा जन्म २२ मार्च १९४३ रोजी पिट्सबर्ग येथे झाला. गायक म्हणून तो बालवयातच ध्वनिमुद्रित झाला होता. अर्थात गायन ही त्याच्या उत्तरायुष्यातील तडजोड नव्हे. पुढे ऑर्गनवादक जॅक मॅकडफ याच्या वाद्यसंचात त्याची उमेदवारी झाली व १९६४ मध्ये त्याची पहिली स्वतंत्र ध्वनिमुद्रिका निघाली. १९६६ मध्ये जॉन हॅमंड याने त्याला कोलंबिया कंपनीत आणले. चार्ली क्रिश्चन या थोर गिटारवादकास १९३९ मध्ये बेनी गुडमनकडे नेणारा जाणकार तो हाच होय.

आता शैलीच्या उगमाकडे वळावयाचे. वेस माँटगोमेरी या ज्येष्ठ वादकाच्या गिटारीभोवती तंतुवाद्यवृंदाची पार्श्वभूमी उभारून लोकप्रिय चाली सादर करण्याची रीत निर्माता क्रीड टेलर याने १९६५ च्या सुमारास रूढ केली. जून १९६८ मध्ये माँटगोमेरी अकाली निवर्तला. त्याच वर्षी टेलरने बेन्सनचे ध्वनिमुद्रण हाती घेतले. म्हणजे जो साचा १९७६ मध्ये नवा म्हणून गणला गेला, तो वस्तुतः एका दशकापूर्वीच सिद्ध झाला होता.

१९७६ च्या ‘ब्रीझिन’ या ध्वनिमुद्रिकेचे अंतरंगही हेच दर्शविते. तिचा वाद्यमेळ क्लाउस ओगरमन याने रचला. माँटगोमेरीसाठीही पूर्वी त्यानेच हे काम केले होते. तिच्यातील सहा रचनांपैकी केवळ एकच गायलेली असून उरलेल्या पाच वाद्यसंगीताच्या आहेत. गायलेल्या त्या एका रचनेस ग्रॅमी पुरस्कार मिळाला आणि जनमानसात गायकाची प्रतिमा दृढ झाली. त्या रचनेतही गिटारीच्या स्वरांशी तंतोतंत जुळणारी कंठाची आलापी आहे. तेथे गायक व वादक यांस वेगळे करताच येत नाही.

गिटारीचे स्थान खरोखर गौण झाले ते क्विन्सी जोन्स याच्या निर्मितीतील १९८० च्या ध्वनिमुद्रिकेपासून, असे म्हणावयास हरकत नाही. परंतु हेही वळण अखेरचे ठरले नाही. १९९० मध्ये काउंट बेसीच्या नावाने चालणाऱ्या वाद्यवृंदासह तो जुन्या परंपरेकडे परतला आणि २००९ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय कलानिधीने त्यास ‘जॅझ मास्टर’ हा सन्मान दिला.

‘स्मूथ जॅझ’ हे नाव १९८० नंतरच्या दशकात नभोवाणी केंद्रांच्या व्यवसायातून रूढ झाले. ते मागे नेऊन १९७६ च्या कृतीस लावणे आणि त्या आधारे कलावंताचे आयुष्य दुभंगणे हा कालविपर्यास होय. बाजारपेठेने दिलेली नावे इतिहासकाराने साधन म्हणून तपासावीत. निर्णय म्हणून स्वीकारू नयेत.