धनादेश अनादराच्या फौजदारी प्रकरणांतील तडजोड : एक ऐतिहासिक आढावा
(विशेष संदर्भ : ठाणे व कल्याण-डोंबिवली)

प्रस्तावना :
ठाणे, कल्याण आणि डोंबिवली हा पट्टा नोकरदार व लहान व्यावसायिकांचा म्हणून ओळखला जातो. डोंबिवली नागरी (१९७०), ठाणे जनता (१९७२) आणि कल्याण जनता (१९७३) या सहकारी बँकांनी धनादेशाचा व्यवहार येथील सामान्य खातेदारापर्यंत नेण्यास हातभार लावला. मालाची उधारी व हातउसने यांच्या फेडीसाठी धनादेश दिला जाऊ लागला, तसे तो न वटल्याचे वादही न्यायालयात पोहोचू लागले. अशा वादांतील तडजोडीला कायद्याने टप्प्याटप्प्याने कसे स्थान दिले, याचा आढावा प्रस्तुत लेखात घेण्यात आला आहे.

कर्जापासून गुन्ह्यापर्यंत :
१८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमाने देशी भाषांतील दस्तऐवजांविषयीच्या स्थानिक रूढी अबाधित ठेवल्या; त्यामुळे हुंडीचा व्यवहार पेढ्यांच्या रिवाजानुसार चालत राहिला. धनादेश न वटणे ही बाब मात्र शंभराहून अधिक वर्षे मुख्यतः दिवाणी स्वरूपाचीच राहिली. १९८८ च्या दुरुस्तीने १ एप्रिल १९८९ पासून कलम १३८ अमलात आले. नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत रक्कम न दिल्यास एक वर्षापर्यंत कैद, धनादेशाच्या दुपटीपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी शिक्षा ठरली. ही १५ दिवसांची मुदत म्हणजे गुन्हा पूर्ण होण्यापूर्वी वाद मिटविण्याची संधीच होय. फिर्याद दाखल झाल्यानंतर मात्र तडजोडीची स्पष्ट तरतूद नव्हती; कारण फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३२० मधील यादी दंड संहितेतील गुन्ह्यांपुरतीच होती.

तडजोडीला मान्यता :
२००२ च्या दुरुस्तीने ६ फेब्रुवारी २००३ पासून कलम १४७ अन्वये हा गुन्हा तडजोडपात्र ठरला. त्याच दुरुस्तीने कैदेची मर्यादा दोन वर्षे केली. शिक्षेचा धाक मुख्यतः वसुलीसाठी आहे, हे यातून सूचित होते. परंतु तडजोड केव्हा करावी याला बंधन नसल्याने अनेक आरोपी अपिलापर्यंत वाट पाहत. म्हणून ३ मे २०१० रोजी दामोदर प्रभू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने उशिराच्या तडजोडीवर खर्च बसविला. पहिल्या वा दुसऱ्या तारखेला खर्च नाही. त्यानंतर दंडाधिकाऱ्यांपुढे धनादेशाच्या रकमेच्या १० टक्के, सत्र व उच्च न्यायालयात १५ टक्के आणि सर्वोच्च न्यायालयात २० टक्के, असा हा क्रम होता. २०११ मध्ये, अशा प्रकरणांतील लोकअदालतीचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्याप्रमाणे अमलात आणता येतो, असेही स्पष्ट झाले.

कोणाच्या गावी न्यायालय?
मुंबईतील शाखेवर काढलेला धनादेश डोंबिवलीच्या दुकानदाराने आपल्या खात्यात भरला, तर फिर्याद कोठे करावी? १ ऑगस्ट २०१४ च्या दशरथ राठोड निकालानुसार ती मुंबईत करावी लागे. १५ जून २०१५ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने फिर्यादीचे खाते असलेल्या शाखेचे ठिकाण निर्णायक ठरविले. म्हणजे हा दुकानदार आता कल्याण न्यायालयात जाऊ शकतो. तारखांसाठी कोणी प्रवास करावयाचा, यावर तडजोडीतील बळाबळ ठरते. ही दुरुस्ती त्यामुळे केवळ तांत्रिक राहत नाही.

समारोप :
गोव्यातून आलेल्या एका प्रकरणात २५ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हा खर्च कमी केला. बचावाचा पुरावा नोंदविण्यापूर्वी रक्कम दिल्यास खर्च नाही. त्यानंतर निकालापर्यंत ५ टक्के, सत्र व उच्च न्यायालयात ७.५ टक्के आणि सर्वोच्च न्यायालयात १० टक्के. कायद्याचा कल तडजोडीकडे अधिकाधिक झुकत गेल्याचे यावरून दिसते. तथापि कलम १३९ चे गृहीतक धनादेशधारकाच्या बाजूचे आहे आणि तारण म्हणून कोरा धनादेश सही करून देणारा कर्जदार मुळातच दुबळा असतो. न्यायालयात दाखल होणारी तडजोडीची पुरसीस दोघांच्या सहीची असते. ती दोघांच्या संमतीचीही आहे ना, हे पाहणे न्यायालयाचे आणि वकिलांचे कर्तव्य ठरते. अन्यथा मिटलेले प्रकरण म्हणजे केवळ धाकाने झालेली वसुली उरेल.