महाडचा निधी आणि तमाशातली बाई

महाड-पोलादपूर हा तमाशाचा मुलूख नव्हे. सावित्री नदीच्या खोऱ्यातल्या गावांत रंगत ते जाखडी आणि नमन-खेळे. त्यांत गौळणीची सोंगेही परंपरेने पुरुषच घेत. बाईने फडावर उभे राहून पैशासाठी नाचायचे, ही आंबेनळी घाटाच्या पलीकडची, घाटावरची रीत. इथल्या चाकरमान्याला ती भेटली मुंबईत, गिरणगावातल्या तंबू-थिएटरांत. तरीही नाचणाऱ्या बाईच्या कमाईचे आणि मर्जीचे काय, या जुन्या वादातला एक महत्त्वाचा प्रसंग महाडशीच जोडलेला आहे.

२० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह करायचे ठरले आणि त्यासाठी निधी जमू लागला. त्या काळात तमाशात पठ्ठे बापूरावांचे नाव गाजत होते. मूळचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, वाळवे तालुक्यातल्या रेठरे हरणाक्षचे ब्राह्मण; जातीबाहेर पडून ते तमाशात आले. त्यांच्या फडाची कीर्ती त्यांच्या लावण्यांवर जेवढी, तेवढीच पवळाबाईंवर उभी होती. पवळाबाई संगमनेर तालुक्यातल्या हिवरगावच्या, महार समाजातल्या. बापूरावांनी काही खेळांचे उत्पन्न महाडच्या निधीला देऊ केले आणि बाबासाहेबांनी ते नाकारले, अशी आठवण दलित चळवळीच्या आणि तमाशाच्या इतिहासात सांगितली जाते. महार बाईला नाचवून मिळालेला पैसा महारांच्या स्वाभिमानाच्या लढ्याला नको, हे नकारामागचे कारण.

नकार समजण्याजोगा आहे. तमाशात नाचणाऱ्या बाया बहुतेक महार, मांग, कोल्हाटी अशा जातींच्या, आणि समोर बसून शिट्ट्या मारणाऱ्यांत वरच्या जातींचे पुरुष असत. पण देणारे बापूराव, नाकारणारे बाबासाहेब; ज्यांच्या पायांवर तो पैसा उभा राहिला त्या पवळाबाईंचे म्हणणे मात्र या आठवणीत कुठेच येत नाही. त्या बापूरावांच्या फडातून बाहेर पडल्या. निदान तेवढा एक निर्णय त्यांच्या नावावर आहे.

फडातल्या बाईची संमती म्हणजे काय, हे पाहायचे तर उचल पाहावी लागते. हंगाम दसऱ्याला सुरू होतो. त्याआधी फडमालक कलावंताला आगाऊ रक्कम देतो, तीच उचल. ती बहुधा घरचे लग्न, आजारपण, जुने देणे यांत संपते आणि मग हंगामभर नाचून फेडायची. फिटली नाही तर पुढच्या हंगामालाही तोच फड. बाईने होकार दिलेला असतो हे खरे, पण तो एकदाच, पैसे घेताना. रोजच्या खेळात नाही म्हणायची सोय त्यात नसते. कोल्हाटी समाजात तर होकाराच्या आधीच बरेच ठरलेले असे. मुलीचा चिरा उतरवण्याचा, म्हणजे तिला पहिल्या पुरुषाच्या हवाली करण्याचा, विधी घरच्यांनी ठरवायचा, आणि नाचणारीने लग्न करायचे नाही. डॉ. किशोर शांताबाई काळे यांनी ‘कोल्हाट्याचं पोर’ या आत्मकथनात हे आतून मांडले.

दौलतजादा हा त्याच व्यवहाराचा उघडा भाग. प्रेक्षक नोट दाखवतो, बाई नाच थांबवून जवळ येते, तो नोट लगेच सोडत नाही. हात धरतो, कुणाच्या तरी नावाने द्यायला लावतो, फर्माईश करतो. तिने हसून नोट सोडवून घ्यायची आणि देणाऱ्याचे नाव पुकारून पुन्हा उभे राहायचे. हात किती वेळ धरू द्यायचा, हे ती क्षणोक्षणी ठरवत असते. अनुभवी बाया यात तरबेज असतात, आणि त्यांचे कौशल्य बघणाऱ्याला फक्त नखरा वाटते.

महाडच्या डिसेंबरच्या परिषदेच्या वेळी बाबासाहेब स्त्रियांशीही बोलले. गुडघ्यापर्यंतचे लुगडे, गळ्या-हातांतले जड दागिने या अस्पृश्यतेच्या खुणा टाका, मुलींना शिकवा, असे त्यांनी सांगितले आणि जमलेल्या बायांनी लगोलग नेसण्याची तऱ्हा बदलली. इथे बदल बायांनी स्वतः केला. १६ जून १९३६ रोजी परळच्या दामोदर हॉलमध्ये कामाठीपुऱ्यातल्या जोगतिणी, मुरळ्या, देवदासी यांच्यापुढे बोलताना सूर कडक होता: समाजात राहायचे तर हे जगणे सोडा. सोडल्यावर पोट कशावर भरायचे, हा प्रश्न उरलाच. त्याच सुमारास शाहीर भीमराव कर्डकांसारख्यांचे, चळवळीच्या प्रचाराचे आंबेडकरी जलसे उभे राहिले. त्यांनी तमाशाचा बाज घेतला, गौळण-लावणी गाळली आणि बाईची भूमिका पुरुषाला दिली. बाईची विटंबना थांबली, तिचे कामही गेले.

स्वातंत्र्याच्या सुमारास मुंबई सरकारने तमाशावर बंदी आणली आणि नंतर अश्लीलता टाळण्याच्या अटी घालून उठवली. २००५ मध्ये राज्याने डान्सबार बंद केले, तेव्हा मात्र एक गोष्ट नवी घडली. भारतीय बारगर्ल्स युनियनच्या रूपाने नाचणाऱ्या बायांची बाजू न्यायालयापर्यंत गेली. उच्च न्यायालयाने २००६ मध्ये बंदी रद्द केली, सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये तो निकाल कायम ठेवला. सरकारने नवा कायदा केला, तोही न्यायालयात गेला.

संमतीचा हाच प्रश्न प्रौढांच्या चित्रफितींतही येतो, पण त्या धंद्याला भारतात न्यायालयाची ही वाट नाही. तिथे चित्रीकरण आणि प्रसारणच गुन्ह्यात येते, आणि अनैतिक हेतूचा करार १८७२ च्या करार कायद्याने रद्दबातल ठरतो. मग कॅमेऱ्यापुढे काय कबूल केले होते आणि काय करून घेतले, हे त्यातल्या बाईने करार म्हणून मांडायचे कुठे? डान्सबारच्या खटल्यात १७ जानेवारी २०१९ च्या निकालाने निदान एवढे ठरवले: नाचणारीशी लेखी करार हवा आणि मोबदला तिच्या बँक खात्यात जमा व्हायला हवा. बक्षिसी देता येईल, पण नोटा उधळता येणार नाहीत.