कूगेल, चीक आणि दोन खंडाळे

लोणावळ्यात राहून चिक्कीखेरीज दुसऱ्या गोडाचे कौतुक करणे हा गावद्रोहच. पण भाचीने परदेशातून ‘कूगेल’ नावाच्या पदार्थाची कृती पाठवली. रताळी, गाजरे, सफरचंदे किसा, त्यात अंडी, बेदाणे आणि मात्झो नावाच्या बिनखमिराच्या रोटीचा चुरा घाला, की ठेवा भट्टीत तासभर. खाली लिहिले होते, ‘ज्यू लोकांचे सणाचे गोड.’

“म्हणजे आपल्या शनवार तेल्यांचं?” सौभाग्यवतींनी विचारले.

प्रश्न मार्मिक होता. कूगेल पडला जर्मनी-पोलंडकडचा. तिकडे नावाचा अर्थच गोळा. शब्बाथला, म्हणजे शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारच्या रात्रीपर्यंत, विस्तव पेटवायचा नाही. मग शुक्रवारी हंडी मंद भट्टीत ठेवून द्यायची, तिच्यातच हा गोळा शिजायचा. आमच्या बेने इस्रायलांचा धर्म तोच, पण भट्टी कुठली? कोकणात तेलाचा घाणा! तो शनिवारी बंद, म्हणून लोकांनी नाव ठेवले शनवार तेली.

अलिबागजवळ नवगावला जहाज फुटले आणि सात पुरुष, सात बायका वाचल्या, अशी त्यांची परंपरा. पोथ्या बुडाल्या, हिब्रू विसरली, मराठी तोंडी बसली आणि आडनावे रोहेकर, पेणकर, केहिमकर झाली. पुढे दाविद रहाबी नावाचा गृहस्थ आला. हे खरेच आपले का, हे पाहायला म्हणे त्याने बायकांपुढे मासे टाकले. पंख आणि खवले असलेले तेवढेच त्यांनी शिजवायला घेतले. झाली परीक्षा! प्रार्थना विसरल्या तरी टोपली निवडणे विसरल्या नव्हत्या. (आमच्या घरी धर्माची परीक्षा घ्यायची तर मंडईतच घ्यावी लागेल.)

त्यांच्या वर्षारंभाला, रोश हाशानाला, जुने नाव ‘नव्याचा सण’. त्या दिवशी गोड असते ते चिकाच्या हलव्याचे. गहू तीन दिवस भिजवायचे, वाटायचे, गाळायचे. खाली बसतो तो चीक. तो नारळाच्या दुधात आणि साखरेत हात मोडेस्तोवर ढवळायचा, ताटात थापायचा, वर बदाम-पिस्ते, की वड्या पाडायच्या. नारळाचेच दूध का? तर मांसाबरोबर दूध चालत नाही, आणि सणाला मटण तर हवेच. नारळ काही गाभण राहत नाही, तेव्हा शास्त्रही गप्प. कूगेलवालेही नेमके याच कारणाने पुष्कळदा दुधाऐवजी तेल वापरतात. दोन बायका, मध्ये अर्धे जग, आणि युक्ती एकच!

फळांचा मान मात्र मलिद्याला. भिजवलेले पोहे, खोबरे, साखर, वेलची आणि भोवती फळे मांडून एलियाहू हन्नबीच्या नावाने प्रार्थना. त्याच्या रथाची खूण खंडाळ्याच्या खडकावर आहे, असे मानतात. आमचे एक स्नेही हे ऐकून आपल्या मावळातल्या खंडाळ्याला उतरले आणि तासभर खडक शोधत हिंडले. खडकांना तोटा नाही, पण ते खंडाळे अलिबाग तालुक्यातले! घाटाखाली एक, घाटावर एक.

रेल्वे, टपाल, पलटण अशा नोकऱ्यांनी ही मंडळी घाट चढली. पुण्याच्या रास्ता पेठेत १९२१ साली त्यांचे सुक्कथ शलोमो प्रार्थनागृह उभे राहिले. १९४८ नंतर बहुतेक इस्रायलला गेली. तिथल्या काहींनी यांच्या ज्यूपणावरच शंका घेतली, तेव्हा झगडा करून १९६४ साली तिथल्या संसदेकडून मान्यता मिळवावी लागली. तिथे कुणाला मासे टाकून पाहायचे सुचले नाही. तिथेही त्यांनी ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक काढले. इथे आता उरली आहेत काही हजार माणसे.

त्यांतल्या एक आजी पुण्याला राहतात. मुले-सुना तिकडे. हलवा अजून करतात, पण चिकाऐवजी चायना ग्रास घालून.

“चीक का नाही करत, आजी?”

“अहो, गहू मी एकटी भिजवीन हो. ढवळायचं कुणी? एकीचा हात भरून आला की दुसरीने पळी घ्यायची असते.”

म्हणून येत्या नव्याच्या सणाला आमच्याकडून दोन हात पाठवायचे ठरले आहे. ते माझे असावेत, हे सौभाग्यवतींनी परस्पर ठरवले. शनिवार सोडून.