सूचक, अनुमोदक आणि पस्तिशीची अट

मे १९६७ मध्ये राष्ट्रपतिपदासाठी मतमोजणी झाली, तेव्हा रिंगणात सतरा उमेदवार होते. डॉ. झाकीर हुसेन यांना ४,७१,२४४ मतं मिळाली. सरन्यायाधीशपद सोडून उभे राहिलेल्या कोका सुब्बाराव यांना ३,६३,९७१. उरलेल्या पंधरांपैकी नऊ जणांच्या नावापुढे शून्य होतं.

हे शून्य जरा नीट पाहायला हवं. त्या वेळच्या कायद्यानुसार अर्जावर एका सूचकाची आणि एका अनुमोदकाची सही लागायची, आणि दोघंही या निवडणुकीचे मतदार, म्हणजे खासदार किंवा आमदार असावे लागत. शून्य मतं याचा अर्थ, ज्या दोघांनी अर्जावर सही केली त्यांचंही पहिल्या पसंतीचं वैध मत त्या उमेदवाराला पडलं नव्हतं. अनामत रक्कम भरायची नसल्यामुळे गमावण्यासारखं काहीच नव्हतं. चौधरी हरिराम तर १९५२ पासून १९६९ पर्यंत लागोपाठ पाचही निवडणुका लढले.

राज्यघटनेने ठरवलेली पात्रता पाहिली, तर यात गैर काहीच नव्हतं. ५८ वं कलम मोजक्याच गोष्टी मागतं. उमेदवार भारताचा नागरिक असावा, त्याने वयाची ३५ वर्षं पूर्ण केलेली असावीत, लोकसभेवर निवडून येण्यास तो पात्र असावा आणि सरकारी लाभाचं पद त्याच्याकडे नसावं. लोकसभेसाठी २५, राज्यसभेसाठी ३० आणि राष्ट्रपती, उपराष्ट्रपती व राज्यपाल यांच्यासाठी ३५ अशी ही वयाची चढण आहे. अमेरिकेच्या घटनेतही अध्यक्षासाठी १७८७ पासून ३५ चीच अट आहे. तिकडे जॉन केनेडी त्रेचाळिसाव्या वर्षी निवडून आले. आपल्याकडे सर्वांत कमी वयात या पदावर आलेल्या द्रौपदी मुर्मू २०२२ मध्ये शपथ घेताना ६४ वर्षांच्या होत्या. त्याआधीचा मान नीलम संजीव रेड्डी यांचा होता आणि शपथ घेताना त्यांचंही वय ६४ च होतं. पस्तिशीच्या अटीने आजवर कुणा बड्या उमेदवाराची वाट अडवलेली नाही. वाट अडते ती मतदार कोण आणि सह्या किती, या दोन प्रश्नांपाशी.

मतदार कोण, यावर संविधान सभेत खडाजंगी झाली होती. मुंबई विद्यापीठात अर्थशास्त्र शिकवलेले प्रा. के. टी. शाह यांचा आग्रह होता की राष्ट्रपती थेट जनतेने निवडावा. नेहरू आणि आंबेडकर यांचं मत वेगळं होतं. कारभार मंत्रिमंडळाने करायचा आणि राष्ट्रपतीने त्याच्या सल्ल्याने चालायचं, असं ठरलेलं असताना कोट्यवधी मतांचं बळ पाठीशी असलेला राष्ट्रपती दुसरं सत्ताकेंद्र होऊन बसेल, हा मुख्य आक्षेप. एवढी मोठी निवडणूक पार पाडायला यंत्रणा कुठून आणायची, हा दुसरा. शाह हरले आणि निवडून आलेल्या खासदार-आमदारांचं निर्वाचक मंडळ अस्तित्वात आलं. १९५२ मध्ये शाह स्वतः राजेंद्र प्रसादांविरुद्ध उभे राहिले. जी पद्धत त्यांना मान्य नव्हती, त्याच पद्धतीने त्यांना ९२,८२७ मतं मिळाली, राजेंद्रबाबूंना ५,०७,४००.

ही मतं डोकी मोजून येत नाहीत. राज्याच्या लोकसंख्येला निवडून आलेल्या आमदारांच्या संख्येने भागायचं, आलेल्या आकड्याला पुन्हा हजाराने भागायचं आणि बाकी पाचशे किंवा त्याहून जास्त उरली तर एक मिळवायचा. १९७१ ची महाराष्ट्राची लोकसंख्या ५,०४,१२,२३५ आणि आमदार २८८. त्यामुळे मुंबईच्या विधानभवनात पडणाऱ्या एका मताचं मूल्य १७५. गोव्याचा हिशेब ७,९५,१२० भागिले ४०, म्हणजे १९,८७८. हजाराने भागल्यावर बाकी ८७८ उरते, म्हणून गोव्याच्या आमदाराचं मत २० चं. सगळ्या आमदारांच्या मतमूल्यांची बेरीज करून तिला निवडून आलेल्या खासदारांच्या संख्येने भागलं की खासदाराच्या एका मताचं मूल्य निघतं.

मतपत्रिकेवर चिन्ह नसतं, फक्त नावं असतात. मतदाराने त्यांच्यापुढे १, २, ३ असे पसंतीचे आकडे लिहायचे. या आकड्यांची ताकद १९६९ मध्ये दिसली. काँग्रेसचे अधिकृत उमेदवार रेड्डी, इंदिरा गांधींचा कल असलेले व्ही. व्ही. गिरी आणि स्वतंत्र पक्ष व जनसंघाचा पाठिंबा असलेले चिंतामणराव देशमुख अशी लढत होती. देशमुख रायगडचे, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर. मुंबईच्या प्रश्नावर १९५६ मध्ये केंद्रीय अर्थमंत्रिपद सोडल्यामुळे महाराष्ट्राने त्यांना डोक्यावर घेतलं होतं. त्यांना १,१२,७६९ मतं मिळाली. जिंकण्यासाठी लागणारा कोटा ४,१८,१६९ चा होता आणि पहिल्या पसंतीत तो कुणीच गाठला नाही. मग मागचे उमेदवार एकेक करून बाद झाले, त्यांच्या मतपत्रिकांवरची पुढची पसंती मोजली गेली आणि गिरी ४,२०,०७७ वर पोहोचले. कोट्याच्या वर जेमतेम १,९०८! निकालाला आव्हान मिळालं आणि पदावर असलेल्या राष्ट्रपतींनी सर्वोच्च न्यायालयात येऊन साक्ष दिली. १९७० मध्ये याचिका फेटाळल्या गेल्या.

न्यायालयाची पायरी त्याआधीही चढली गेली होती. १९५७ मध्ये हिमाचल प्रदेश आणि पंजाबातल्या काही जागांच्या निवडणुका बाकी होत्या. निर्वाचक मंडळ अपुरं असताना राष्ट्रपती निवडायचा कसा, असा प्रश्न घेऊन नागपूरचे डॉ. ना. भा. खरे सर्वोच्च न्यायालयात गेले. निवडणूक आधी पूर्ण होऊ द्या, मग दाद मागा, असं न्यायालयाने सांगितलं. १९६१ च्या अकराव्या घटनादुरुस्तीने हा मुद्दाच निकालात काढला. मंडळात जागा रिकाम्या आहेत एवढ्या कारणावरून निवडणुकीला आव्हान देता येणार नाही, असं तिने ठरवलं.

१९७४ मध्ये संसदेने उमेदवारीची दारं आवळली. दहा सूचक, दहा अनुमोदक आणि २,५०० रुपये अनामत. एक षष्ठांश मतं मिळाली नाहीत तर ती जप्त. शिवाय निकालाला आव्हान फक्त उमेदवार किंवा किमान वीस मतदार देऊ शकतील. परिणाम लगेच दिसला. १९७७ मध्ये ३७ जणांनी अर्ज भरले, छाननीत ३६ बाद झाले आणि रेड्डी बिनविरोध निवडून आले. १९९७ मध्ये अट आणखी कडक झाली. पन्नास सूचक, पन्नास अनुमोदक, अनामत १५,००० रुपये. तेव्हापासून २०२२ पर्यंतच्या प्रत्येक निवडणुकीत नेमके दोनच उमेदवार उरले. २०२२ मध्ये तर ११५ अर्ज आले होते.

मतदाराला मात्र आजही मोकळीक आहे. या निवडणुकीत पक्षाचा व्हिप चालत नाही. म्हणूनच २००७ मध्ये भाजपसोबत असलेल्या शिवसेनेला प्रतिभाताई पाटील यांच्या पारड्यात उघडपणे मतं टाकता आली.

आता एक बदल दाराशी आला आहे. मतमूल्यासाठी १९७१ चीच लोकसंख्या धरण्याची मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेचे आकडे येईपर्यंत आहे आणि ती जनगणना २०२७ मध्ये व्हायची आहे. महाराष्ट्राची लोकसंख्या २०११ मध्येच ११ कोटी २३ लाखांवर गेली होती, त्यामुळे १७५ चा आकडा मागे पडणार. मतमूल्यांचे तक्ते नव्याने मांडताना संसदेने शंभर सह्यांची अटही पुन्हा तपासावी. १९६७ सारखी शून्यांची रांग कुणालाच नको आहे. पण घटनेने पस्तिशी ओलांडलेल्या नागरिकाला दिलेली उमेदवारी आज शंभर खासदार-आमदारांच्या मर्जीवर, म्हणजेच मोठ्या पक्षांच्या हातात आहे. पोलंडमध्येही अध्यक्षपदासाठी वयाची अट ३५ च आहे, मात्र तिथे उमेदवाराला एक लाख सामान्य मतदारांच्या सह्या आणाव्या लागतात. तसाच एक पर्याय आपल्या राष्ट्रपती निवडणुकीच्या १९५२ च्या कायद्यात घालायला घटनादुरुस्तीचीही गरज नाही.