भारत मोठा की ग्रीनलंड?

हिवरखेडच्या एखाद्या वर्गात मर्केटर पद्धतीचा जगाचा नकाशा टांगून आपण हा प्रश्न विचारला, तर बहुतेक हात ग्रीनलंडसाठी वर होतील. प्रत्यक्षात भारताचे क्षेत्रफळ सुमारे ३३ लाख चौरस किलोमीटर, तर ग्रीनलंडचे सुमारे २२ लाख. मग असे का दिसते?

गेरार्डस मर्केटर यांनी १५६९ साली हा नकाशा खलाशांसाठी रचला. होकायंत्राची एकच दिशा धरून जाणाऱ्या जहाजाचा मार्ग त्यावर सरळ रेषेत येतो. त्यासाठी ध्रुवांकडे अंतरे ताणावी लागली. विषुववृत्ताच्या तुलनेत २१ अंशांवरील आपल्या हिवरखेडपाशी क्षेत्रफळ जेमतेम १५ टक्क्यांनी फुगते. ६० अंशांवर चौपट, आणि ग्रीनलंडच्या मध्यावर, ७२ अंशांवर, दहापट होते.

याच गोल पृथ्वीचे माप घेत विल्यम लॅम्बटन यांची मोजणी दक्षिणेकडून आपल्या शेजारपर्यंत आली होती; १८२३ साली हिंगणघाटला त्यांचे निधन झाले.

खलाशांचा नकाशा क्षेत्रफळ शिकवायला वापरला, तर भारत आणि आफ्रिका मुलांच्या मनात उगाच लहान होतात. म्हणून पृथ्वीगोलावर पातळ कागद ठेवून ग्रीनलंड गिरवावा, कापावा आणि तेथेच भारतावर ठेवून पाहावा. उत्तर मुलेच देतील.